सुधा चंद्रन यांच्यावर ४० मिनिटांचा नृत्य-निवेदनाचा कार्यक्रम: पाय कसा दाखवायचा, पडदा कसा दाखवायचा?

मलप्रभाकाठ (खानापूर)

आमच्या इथल्या वाचनालयात सुधा चंद्रन (पाय गमावल्यावर कृत्रिम पायावर पुन्हा नाचलेल्या भरतनाट्यम नर्तकी आणि अभिनेत्री) यांच्या वाटचालीवर ४० मिनिटांचा कार्यक्रम बसवालोय. निवेदिका एक. नाचणाऱ्या मुली दोन, दोघी भरतनाट्यमच्या. एकीचं विशारद पूर्ण झालंय, दुसरीचं मध्यमा पूर्ण. नट्टुवांगम (झांजांवरचा ताल आणि बोल) प्रत्यक्ष, बाकी संगीत ध्वनिमुद्रित. रंगमंच म्हणजे १८ बाय १२ फुटांचा सिमेंटचा कट्टा. मालिकांच्या क्लिपा लावणार नाही, जे काय दाखवायचं ते मुलींनीच.

अडलंय तीन ठिकाणी. एक, संहितेतल्या तारखा एकमेकींशी जुळत नाहीत. दोन, अपघात आणि जयपूर फूट (त्यांचा कृत्रिम पाय) हा भाग रडारड न करता कसा उभा करायचा? तीन, विशारदवाली मुलगी उत्तरार्धात रमोला सिकंद ('कहीं किसी रोज़' मालिकेतली सुधाताईंची खलनायिका) करणार आहे. तिचा अभिनय पक्का आहे, तरी मालिकेतल्या बाईऐवजी पदम् (नृत्यातली भावप्रधान रचना) चालू आहे असंच वाटतं. नेमकं काय चुकतंय?

टिपणवही (टिळकवाडी)

तारखांचं सांगतो. अशा संहितांत तीन चुका हमखास असतात.

पहिली म्हणजे "अपघातात पाय तुटला" हे वाक्य. ते काढा. मे १९८१ मध्ये तमिळनाडूत तिरुचिरापल्लीजवळ बसला अपघात झाला. त्यांचा जन्म सप्टेंबर १९६५ चा, म्हणजे वय १५. उजव्या पायाच्या जखमेवर प्लास्टर चढलं, आत गँगरीन झालं आणि म्हणून पुढे गुडघ्याखाली पाय कापावा लागला. बस आदळली आणि पाय गेला, असं घडलेलं नाही. मधले दिवस संहितेत दिसले पाहिजेत.

दुसरी चूक, जयपूर फूटचं सगळं श्रेय एकट्या डॉ. प्रमोद करण सेठींना देणं. हा पाय साठच्या दशकाच्या अखेरीस घडला तो डॉक्टर सेठी आणि कारागीर रामचंद्र शर्मा या दोघांच्या हातून. शर्मांचं नाव घ्याच. सेठींना मॅगसेसे पुरस्कार मिळाला तोही १९८१ मध्येच. त्या पुरस्काराविषयी वाचूनच सुधाताईंना या पायाचा पत्ता लागला. अपघात आणि बातमी एकाच वर्षातली; निवेदनाला याहून चांगला दुवा मिळायचा नाही.

तिसरी, 'नाचे मयूरी' हा पहिला चित्रपट मानणं. क्रम असा: जानेवारी १९८४ मध्ये मुंबईत पुन्हा रंगमंचावर, १९८५ मध्ये तेलुगू 'मयूरी' (दिग्दर्शक सिंगीतम श्रीनिवास राव), १९८६ मध्ये हिंदी 'नाचे मयूरी'. दोन्हींत त्या स्वतःच. राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला तो 'मयूरी'साठी.

यापुढचा भाग संहितालेखक नेहमी घाईत उरकतात. 'नाचे मयूरी' १९८६ ची आणि 'कहीं किसी रोज़' स्टार प्लसवर सुरू झाली एप्रिल २००१ मध्ये. मधली १५ वर्षं "मग त्या मालिकांकडे वळल्या" एवढ्यावर भागवू नका. स्वतःच्याच आयुष्यावरच्या चित्रपटाची नायिका झालेल्या बाईला त्या तोडीची दुसरी नायिका मिळत गेली नाही. वेगवेगळ्या भाषांत दुय्यम भूमिका करत त्या टिकून राहिल्या. रमोला सुरू झाली तेव्हा त्या ३५ वर्षांच्या होत्या आणि भूमिका सासूची होती. नर्तकी ते चरित्र अभिनेत्री हा खरा प्रवास याच १५ वर्षांत झालाय, म्हणून निवेदनात त्याला निदान ४ मिनिटं द्या. 'नागिन'मधली यामिनी (कलर्स, २०१५) शेवटी एका वाक्यात आली तरी चालेल.

तट्टडवू (वडगाव)

पायाविषयी. मुलीचा पाय दुमडून बांधणं, लंगडणं, कुबडी हे काहीही करू नका. आवाजावर बांधा.

पहिला तट्टडवू (सपाट तळवा आपटायचा अडवू; अडवू म्हणजे नाचातली पायाभूत हालचाल) घ्या. उजवा-डावा, उजवा-डावा असे एकेक आघात. पूर्वार्धात तो तिन्ही कालांत (संथ, मध्यम, जलद) वाजवून घ्या, म्हणजे प्रेक्षकांच्या कानात बसेल. अपघातानंतर तोच तट्टडवू पहिल्या कालात, पण उजवा पाय जमिनीला टेकवायचाच नाही. नुसता उचलून हवेत धरायचा. ताळमचा ठोका १६ वेळा पडेल, पायाचा आवाज ८ वेळाच येईल. निवेदिकेने त्या वेळी एक शब्दही बोलू नये. रिकाम्या ८ जागा लोकांना आपोआप ऐकू येतात. मुलीने डाव्या पायाच्या आघातावर जोर वाढवला की ती रिकामी जागा बुजते, तेवढं तालमीत बघा.

आता खुद्द पाय. लाकूड, स्पंज रबर आणि वरून व्हल्कनाइज केलेलं रबर, अशी साधारण रचना. बूट लागत नाही, अनवाणी चालता येतं, उकिडवं बसता येतं, घोट्याशी थोडी लवचीकता असते. पण त्या घोट्याला स्नायू नाही. नाचात याचा अर्थ काय होतो, ते निवेदनात स्पष्ट यायला हवं. गुडघा स्वतःचा असल्यामुळे अरैमंडी (गुडघे बाहेर वळवून अर्धं बसणं) जमते. सपाट तळव्याचा आघातही जमतो, कारण तो मांडी-गुडघ्यातून येतो. अडतं कुदित्तमेट्टू या अडवूला. तिथं चवड्यावर उडी घेऊन टाच आपटायची असते, आणि कृत्रिम पाऊल स्वतःच्या बळावर चवड्यावर उठत नाही. नाट्टडवू या अडवूत टाच टेकवून पाय बाजूला लांबवतात, तिथं खालून जमीन कळत नाही. अंदाज गुडघ्यावरून आणि मांडीवरून घ्यावा लागतो. वर खोबणीत बसलेल्या ठुंठाची कातडी घासली जाते, फोड येतात. सरावात तिथून रक्त येत असे, हे सुधाताईंनी स्वतः जाहीरपणे सांगितलंय. "जिद्दीने पुन्हा नाचल्या" असं मोघम म्हणण्याऐवजी कुठला अडवू जमत होता आणि कुठला का जमत नव्हता, हे मध्यमाच्या मुलीकडून ३ मिनिटांत करून दाखवा. त्या जिद्दीचं माप तेव्हा कुठं कळतं.

पुनरागमनाच्या प्रसंगाला अख्खं वर्णम् (नृत्यातली सगळ्यात लांब रचना) नको, दम लागेल आणि वेळही जाईल. अलारिप्पू (सुरुवातीची छोटी रचना) पुरे. ते डोळे, मान, खांदे असं वरून खाली उलगडत जातं. पाऊल पूर्ण जोराने पडेपर्यंत लोक वाट बघत राहतात.

फ्रेमच्या_आत (शहापूर)

रमोलाच्या अडचणीचं मूळ हातात आहे. नृत्यात पहिला धडाच असतो की जिथं हात तिथं दृष्टी. मालिकेत क्लोजअप लागला की हात चौकटीबाहेर जातो. डोळे मात्र सवयीने हाताच्या मागे खाली-बाजूला फिरत राहतात, आणि बघणाऱ्याला वाटतं ही बाई जमिनीवर काहीतरी हुडकालीय. तुमची मुलगी तेच करत असणार.

उपाय असा. मोबाइल स्टँडवर लावा, डोळ्यांच्या उंचीला, ५ फुटांवर. एकच वाक्य तीनदा घ्या: पूर्ण उभी, कमरेपासून वर, फक्त चेहरा. प्रत्येक वेळी हालचाल निम्मी करत जायची. तिसऱ्या वेळी दोन्ही हात मागे बांधायला सांगा. सुरुवातीला तिला गुदमरल्यासारखं होईल. चार-पाच दिवसांनी डोळे हाताची वाट बघायचं सोडतात.

दुसरी खोड समेची. नर्तकीचं प्रत्येक वाक्य समेवर संपतं, शेवटच्या शब्दाला हनुवटी टिचकीसारखी उठते. सलग चार वाक्यं अशी झाली की संवाद तिरमानमसारखा (नाचाचा तुकडा संपवणाऱ्या ठेक्यासारखा) ऐकू येतो. वाक्याच्या मधल्या शब्दावर थांबा घ्यायला लावा आणि शेवटचा शब्द सोडून द्यायला लावा.

तिसरी गोष्ट, नाचात भाव आधी पूर्ण उमटतो आणि मग ओळ पुढे जाते. खलनायिकेला हे उलट लागतं: आधी चेहरा कोरा, समोरच्याचं बोलणं संपलं की मनात दोन मात्रा, मग नुसती नजर, मग वाक्य.

पण नृत्यातलं सगळं टाकूनही देऊ नका. 'अभिनयदर्पण'मधल्या आठ दृष्टिभेदांत 'साची' आहे: डोकं न हलवता बुबुळ डोळ्याच्या कोपऱ्याला नेणं. रमोलाची ती तिरकी नजर आठवा. साची दृष्टीत इतका वेळ डोळा स्थिर ठेवायला वर्षांचा रियाझ लागतो; नुसती अभिनय शिकलेली नटी तिथं पापणी लववते. माझ्या मते सुधाताईंचं नृत्य मालिकेत पोचलं ते याच वाटेनं, नजर आणि ताठ पाठकणा. पाय साडीखाली, चौकटीबाहेर. चेहरा आणि मान एवढ्यावर अख्खी बाई उभी. तुमच्या मुलीला खुर्चीत बसवूनच रमोला करायला द्या. पाठ टेकवायची नाही, मान सम, फक्त डोळे. गोकाककडचं श्रीकृष्ण पारिजात हे कन्नड लोकनाट्य बघत आलेला आपला प्रेक्षक डोळ्यांची भाषा चटकन ओळखतो, मोठं करून दाखवायची गरज नाही.

रूपसज्जेत कपाळावरची ठळक कलाकुसरीची टिकली हवीच, रमोलाची ओळखच ती. कपाळावरचं तेल आधी पुसून, पावडरचा हलका हात मारून मग रेखा. तेलावर रेखलेली अर्ध्या तासात घामाने कडेने पसरते. चमकीची नको, दिव्याखाली पांढरा ठिपका होतो. बांगड्या घालणार असाल तर चार-चारचा गट करून आतल्या बाजूने पारदर्शक चिकटपट्टी लावा. नाहीतर पदराला लावलेल्या माइकमध्ये संवादापेक्षा किणकिण जास्त येते.

मलप्रभाकाठ

हात मागे बांधून आजच घेतलं. डोळे खाली जायचे थांबले नाहीत, पण नेमक्या कुठल्या शब्दावर जातात ते पोरीचं तिलाच दिसलं. दोन गोष्टी राहिल्या. निम्मे लोक कन्नड बोलणारे असतील, निवेदन दोन्ही भाषांत करू का? आणि सिमेंटच्या कट्ट्यावर ते ८ आघात ऐकू येतील?

निपाणी_नाका

दोन्ही भाषांत सगळं सांगितलंत तर ४० ची ६५ मिनिटं होतील. निवेदन मराठीतच ठेवा; भाग बदलतो तिथं फक्त दोन कन्नड वाक्यं, आणि ती ज्याची घरची भाषा कन्नड आहे अशा कुणाकडून म्हणवून घ्या. नृत्याचे शब्द तर कन्नडवाल्यांना आपल्यापेक्षा लवकर कळतात. अरैमंडीला कन्नडात अरेमंडी म्हणतात: 'अरे' म्हणजे अर्धा, 'मंडी' म्हणजे गुडघा. निवेदिकेने हे एकदा सांगितलं की गुडघा वाचला म्हणून नाच वाचला, हा मुद्दा दोन्हीकडच्या लोकांना एकाच शब्दात पोचतो.

तट्टडवू (वडगाव)

अक्का, सिमेंटवर नाही ऐकू येणार, आणि मुलींच्या नडग्याही दुखतील. १८ मिलिमीटरचा प्लायवूड, ८ बाय ४ चे दोन तुकडे शेजारी शेजारी टाका, म्हणजे ८ बाय ८ ची जागा मिळते. सांध्यावर रुंद कापडी पट्टी खालून-वरून, नाहीतर अंगठा अडकतो. खाली सतरंजी अजिबात नको, आवाज मरतो. सायकलच्या जुन्या ट्यूबचे दोन-दोन इंचांचे तुकडे फक्त कोपऱ्यांना आणि मध्यावर चिकटवा. फळी सरकत नाही आणि खाली पोकळी राहते, ती घुमते. माइक फळीवर ठेवू नका, कडेला कट्ट्यावर चार पदरी घडी केलेल्या टॉवेलवर आडवा ठेवा, तोंड फळीकडे. त्या १६ ठोक्यांपुरते दोघींनी घुंगरू काढून ठेवायचे. उजवा पाय हवेत असतानाही घुंगरू वाजतात, आणि मग रिकामी जागा रिकामी राहत नाही.