दमट उकाड्यात दुधी, कारली, दोडकी : पाण्याचे तुमचे अनुभव लिहा

दुधी, दोडका, कारलं, पडवळ, घोसाळं, कोहळा ही सगळी एकाच कुळातली, उन्हाला सरावलेली मंडळी. पण हवा गरम आणि दमट असली की पाणी किती द्यायचं हे उमगत नाही. माझे दुधीचे दोन वेल आहेत. ११ वाजले की पानं मिटल्या छत्रीसारखी लोंबतात. ते बघवत नाही, म्हणून मी सकाळ-संध्याकाळ पाणी देतेच, शिवाय दुपारी पुन्हा झारी घेऊन जाते. तरी खालची पानं पिवळी पडताहेत आणि बोटाएवढे दुधी काळे पडून गळताहेत. अशा हवेत ज्यांनी वेल वाढवलेत त्यांनी सविस्तर लिहा. काय चुकलं तेही लिहा, त्याचा जास्त उपयोग होतो.

*

दुपारची पानं बघून पाणी घालण्यात माझे पहिले दोन हंगाम गेले, म्हणून कळकळीने सांगतो, ते आधी थांबवा. दुधीचं पान मोठं असतं. कडक उन्हात त्यातून पाणी इतक्या वेगाने उडतं की मुळं तेवढं पुरवू शकत नाहीत. मातीत ओल असली तरी पान लवतं आणि ऊन उतरलं की आपोआप सावरतं. वेल बघायची वेळ सकाळी ७ ची. तेव्हा पानं ताठ असतील तर त्याला काही कमी नाही. सकाळीही मान टाकलेली असेल तर माती कोरडी आहे किंवा मुळं कुजली आहेत. वरून दोन्ही सारखंच दिसतं, त्यामुळे उकरून बघण्यावाचून गत्यंतर नाही.

मी उकरलं तेव्हा ६ इंच खाली माती काळी, चिकट होती आणि तिला आंबूस वास येत होता. मूळ हलकेच ओढलं तर वरची साल बोटांत आली आणि आतला दोऱ्यासारखा गाभा तेवढा राहिला. निरोगी मूळ पांढरं आणि चिवट असतं. मातीतल्या सगळ्या पोकळ्या पाण्याने भरल्या की मुळांना हवा मिळत नाही, आणि हवेशिवाय त्यांना पाणीही ओढता येत नाही. त्या वेलाला मी आणखी पाणी घालत होतो.

*

वरच्या प्रतिसादाला पूर्ण अनुमोदन. मी एका शब्दावर चालते : वाफसा. मातीत ओलही आहे आणि हवाही आहे, ती स्थिती. दोन-तीन इंच खालची माती मुठीत दाबायची. गोळा झाला आणि बोटाने टोचल्यावर भुसभुशीत फुटला, तर वाफसा आहे, आज पाणी नको. हाताला चिखल लागला तर अजून दोन दिवस तरी तिकडे फिरकायचं नाही. गोळाच झाला नाही तर मात्र भरपूर द्यायचं, खालपर्यंत मुरेल असं. रोज थोडं थोडं शिंपडलं की मुळं वरच्याच थरात राहतात आणि एका कडक दिवसात होरपळतात.

आळ्याबद्दलही सांगते. खोडाला लागून खड्डा करून त्यात पाणी साठवू नका. खोड उंचवट्यावर असू द्या आणि खोडापासून वीतभर अंतरावर गोल चर काढून त्यात पाणी सोडा. पाणी शोषणाऱ्या कोवळ्या मुळ्या खोडापासून लांबच पसरलेल्या असतात. पालापाचोळ्याचं आच्छादन दोन-तीन इंच घाला, फक्त खोडाभोवती चार बोटं जागा मोकळी सोडा. फळं धरू लागली की पाण्यात मोठा खंड पडू देऊ नका, वेलाला सगळ्यात जास्त गरज तेव्हाच असते.

*

माझी एक छोटी खूण. पहाटे पानांच्या अगदी काठावर, दात्यांच्या टोकांना टपोरे थेंब ओळीने लागलेले दिसतात. दव पानभर पसरतं, हे थेंब फक्त कडेलाच असतात. रात्री हवा दमट असल्यामुळे पानातून वाफ बाहेर पडत नाही आणि मुळांनी ओढलेलं पाणी असं काठाने बाहेर येतं. हे थेंब दिसले त्या दिवशी मी पाणी देत नाही.

*

संध्याकाळी नळीने अख्खा वेल न्हाऊ घालायची माझी सवय होती. पानंही ताजीतवानी दिसायची. मग दोडक्याच्या पानांवर शिरांच्या मधोमध पिवळे, कोनाकोनांचे चौकटीसारखे डाग आले. पान उलटून बघितलं तर त्याच जागी करडी-जांभळट लव. हा केवडा नावाचा रोग. रात्रभर ओलं राहिलेलं पान त्याला फार सोयीचं असतं. आता सकाळी, फक्त मुळाशी पाणी देतो. जमिनीला टेकणारी पानं काढली, मांडव पुरुषभर उंच घेतला, दाटी विरळ केली. फरक पडायला तीन आठवडे लागले, पण नवी पानं स्वच्छ आली. पांढऱ्या पिठासारखी भुरी वेगळी, तिला ओलं पान लागतच नाही. त्यामुळे औषध आणण्याआधी पान उलटून नीट बघा.

*

धागाकर्तीला : तुमचे बोटाएवढे दुधी नुसत्या पाण्यामुळे गळत असतील असं वाटत नाही. मादी फुलामागे इवलं फळ आधीपासूनच असतं, परागकण पोचले नाहीत तर ते सुकतं. दुधीची फुलं संध्याकाळी उमलतात, तेव्हा मधमाश्या घरी परतलेल्या असतात, काम पतंगांवर असतं. पाऊस आला तर परागकण भिजून वाया जातात. मी दिवेलागणीला ताजं नर फूल खुडते, पाकळ्या मागे सारते आणि मधला परागाचा भाग मादी फुलाच्या मधल्या भागावर हलकेच फिरवते. मग वर कागदी पिशवी बांधते. कारल्याला हेच सकाळी.

पिशवीचा दुसरा फायदा म्हणजे फळमाशी. गळालेलं फळ चिरून बघा. आत अळ्या असतील तर ते वेलाखाली टाकू नका, कारण अळी मातीत शिरून कोष करते आणि पुन्हा माशी होते. अशी फळं प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून उन्हात ठेवायची. आणि जाता जाता, दुधी कडू लागला तर थुंकून टाका, शिजवूनही त्यातलं विष जात नाही.

*

सगळ्यांचे मनापासून आभार. काल एका वेलाखाली उकरलं. तसाच वास, तशीच काळी माती. पण काठाकडची मुळं पांढरी आहेत, म्हणजे आशा आहे. झारी उचलून ठेवली, खोडाजवळची माती चढवली, बाहेरून चर काढला. गळालेले तीन दुधी चिरले : दोन नुसतेच सुकलेले, एकात अळ्या होत्या. दुसऱ्या वेलावर एक मादी कळी फुगली आहे, आज संध्याकाळी उमलेल. कागदी पिशवी आणि दोरा काढून ठेवला आहे.