तुरा सतानाला पुढे कामं का मिळाली नाहीत?

प्रश्न: 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!' (१९६५) पाहिला. व्हार्ला झालेली तुरा सताना पडदा खाऊन टाकते. मग नावावर मोजकेच चित्रपट कसे?

प्रतिसाद १: मूळची बर्लेस्क (कपडे उतरवत नाचण्याचा रंगमंचीय प्रकार) नर्तकी. दिग्दर्शक बिली वाइल्डरने 'इर्मा ला डूस'मध्ये (१९६३) घेतलं, पण चिमुकल्या भूमिकेत. तेव्हा हॉलिवूडात आशियाई चेहऱ्याची नायिका कोण करणार? 'पुसीकॅट'मधली व्हार्ला दिली ती रस मेयरने. निर्मिती, दिग्दर्शन, संकलन सगळीकडे हा बाबा स्वतःच.

प्रतिसाद २: 'पुसीकॅट'मधली काटकसर बघा. रंगीत फिल्म महाग, म्हणून कृष्णधवल. सेटऐवजी मोहावीचं वाळवंट, हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी पात्रं. मारामारीला डबल (बदली कलाकार) नाही, सताना स्वतःच लढते. टॉमी या तरुणाला लोळवते तो प्रसंग पुन्हा पाहा, नजर पायांवर ठेवून. नर्तकी ठरल्या जागीच थांबते, त्यामुळे फोकस सुटत नाही आणि रिटेकमध्ये फिल्म वाया जात नाही.

प्रतिसाद ३: खरी मेख वेळेची. चित्रपट कल्ट झाला, म्हणजे त्याला वेडे चाहते मिळाले, ते नंतर. प्रदर्शनाच्या वेळी मोठ्या स्टुडिओंना त्याचं सोयरसुतक नव्हतं. मग तिचे दिग्दर्शक टेड मायकल्सबरोबर 'द अ‍ॅस्ट्रो-झॉम्बीज' (१९६८) आणि 'द डॉल स्क्वॉड' (१९७३) आले. पहिला माझ्या मते फक्त तिच्यासाठी सहन करावा. त्यानंतर तिने इस्पितळात नोकरी धरली.