'बांक बान'चा लेखक गप्प का झाला?

रंगपट
काल इथे एकाने लिहिलं होतं: 'हंगेरियन लेखक योझेफ कातोना म्हणजे 'बांक बान' या एकाच नाटकाचा धनी. नगरपालिकेत वकिलाची खुर्ची मिळाली आणि लेखणी खाली ठेवली. १८४८ ची हंगेरियन क्रांती आणि संगीतकार एर्केलचा या नाटकावरचा ऑपेरा नसता तर बांक बान कोणाला आठवला असता?'

रात्रभर हे डोक्यातून गेलं नाही. विणकराचा हा मुलगा पेस्टला, म्हणजे आजच्या बुडापेस्टमध्ये, कायदा शिकता शिकता नट म्हणून उभा राहिला. त्याने हे नाटक कोलोझ्वार शहरातल्या नाट्यस्पर्धेला पाठवलं, १८१८ च्या निकालात त्याचा साधा उल्लेखही नाही. मित्राने काढलेले दोष मनावर घेऊन १८१९ मध्ये त्याने ते पुन्हा लिहिलं. मग सेन्सॉरने छापायला परवानगी दिली, प्रयोगाला नाही! अशा माणसाने खुर्चीसाठी लेखणी ठेवली म्हणायला जीभ धजते कशी?

साधा वाचक
ते मीच लिहिलं होतं. १८२० ला आपल्या गावी, केचकेमेतला गेला, १८२६ ला तिथल्या नगरपालिकेचा मुख्य वकील झाला. त्या दहा वर्षांत एक तरी नवं नाटक? एका नाटकावर बंदी आली तर दुसरं लिहावं.

जुनी फाइल
नोकरीवर घसरू नका. माझे वडील कचेरीत कारकून होते. तीन अंकी नाटक लिहिलं, दोन ठिकाणी दिलं. एकाने हस्तलिखित परतसुद्धा केलं नाही. त्यानंतर वही उघडली नाही. नातेवाईक म्हणायचे, नोकरीत रमला. रमले नव्हते हो! रविवारी दुपारी भिंतीकडे बघत बसायचे, ते मी पाहिलंय.

साधा वाचक
वाईट वाटलं. पण हा पुरावा नाही. माझी आई शाळेत शिकवायची, चार माणसांचं करायची आणि पहाटे चारला उठून लिहायची. ज्याला लिहायचं असतं तो लिहितो.

जुनी फाइल
आईंचं लेखन कोणी छापत होतं का?

साधा वाचक
दिवाळी अंकात यायचं. म्हणून?

जुनी फाइल
म्हणून तुलना करू नका. कोणीतरी वाट पाहत होतं त्यांच्या लेखनाची. माझ्या वडिलांची कोण पाहत होतं?

रंगपट
याचं उत्तर कातोनानेच दिलंय. हंगेरीत नाट्यकला मूळ का धरत नाही, यावर त्याने १८२१ मध्ये लेख लिहिला. पेस्टमध्ये जर्मन नाटकाला भलंमोठं थिएटर होतं, हंगेरियनला कायमचं थिएटर मिळालं १८३७ मध्ये. हा १८३० मध्येच, अडतिसाव्या वर्षी, नगरभवनासमोर कोसळून गेला. बांक बानचा पहिला प्रयोग १८३३ चा, कॉशा शहरात. स्वतःचं नाटक त्याने रंगमंचावर पाहिलंच नाही. आणि १५ मार्च १८४८ ला, क्रांतीच्याच दिवशी, पेस्टच्या लोकांनी मागणी करून बांक बान लावायला लावलं. नाटक आधीच मनात होतं म्हणूनच ना? त्यात राणी परक्या सरदारांना पोसते आणि तिबोर्त्स हा शेतकरी राजाच्या गैरहजेरीत राज्य सांभाळणाऱ्या बांकपुढे उपासमारीचं गाऱ्हाणं मांडतो. ते बोलणं काय ऑपेराने लिहिलं? एर्केलचा ऑपेरा १८६१ चा!

साधा वाचक
ठीक आहे, १८४८ बद्दल चुकलो. ऑपेराबद्दलही, समजा. पण ज्याला लिहायचं असतं तो लिहितो, हे मागे घेणार नाही. आईला पहाटे दिवा लावताना मी पाहिलंय.

जुनी फाइल
नका घेऊ. मीही भिंत विसरणार नाही.