सिनेमा पॅरादिसोतला पाद्री आणि गॉडफादर २ मधला घरमालक एकच का?

रीळवेडा:
काल सिनेमा पॅरादिसो परत बघितला. त्यातला पाद्री आहे ना, जो शो लागायच्या आधी एकटाच बसून पिक्चर बघतो आणि चुंबन आलं की घंटी वाजवतो, मग पिक्चर दाखवणारा आल्फ्रेदो रीळात कागद घालून ठेवतो कापायला, त्याचे ते मोठे डोळे बघून सारखं वाटत होतं याला कुठेतरी पाहिलंय. झोपताना आठवलं, गॉडफादर २ मधला घरमालक! कुत्र्यावरून त्या बाईला घराबाहेर काढतो तो. तोच का? याचं अजून काय बघू?

पहिली_रांग:
तोच. लेओपोल्दो त्रिएस्ते. १९१७ चा जन्म, रेज्जो कालाब्रियाचा, २००३ मध्ये गेला. खरं तर हा नाटकं लिहिणारा माणूस, इटालियन दिग्दर्शक फेलिनीने पकडून कॅमेऱ्यासमोर उभा केला. 'द व्हाइट शेख' (१९५२) आधी बघ. लग्न करून बायकोला घेऊन रोमला आलाय, पोपच्या दर्शनाला जायचंय, आणि बायको गायब, ती फोटो-कादंबरीतल्या हिरोला भेटायला गेलेली. नातेवाईकांना सांगणार काय, तर ती आजारी आहे म्हणून वेळ मारून नेतो, आणि ते नेताना त्याच्या चेहऱ्याचं जे होतं ना ते बघवत नाही. रात्री चौकात बसून रडतो तो सीन तर मी विसरूच शकत नाही. पुढच्याच वर्षी 'ई वितेल्लोनी', त्यात पात्राचं नावच लेओपोल्दो आणि तोही नाटककार.

मॅटिनी३:
फेलिनीवर थांबू नका रे, दिग्दर्शक पिएत्रो जेर्मीचे दोन बघा. 'डिव्होर्स इटालियन स्टाइल' (१९६१) मध्ये तो चित्रकार, हिरो मास्त्रोयानीच्या बायकोचा जुना प्रेमी. आणि 'सिड्यूस्ड अँड अबँडन्ड' (१९६४) मध्ये कंगाल झालेला, दात पडलेला सरदार, सारखा जीव द्यायला निघालेला, त्याच्याशी पोरीचं लग्न लावायला बघतात. त्या पोरीचा बाप सारो उर्झी, त्याला त्या रोलसाठी कान चित्रपट महोत्सवात अभिनेत्याचं बक्षीस मिळालं, आणि हाच उर्झी गॉडफादर १ मध्ये आपोलोनियाचा बाप! म्हणजे जेर्मीचे दोघेही गॉडफादरच्या दिग्दर्शकाकडे, कोपोलाकडे पोचले. मला यात फार आनंद होतो, कारण असे नट पोस्टरवर नसतात पण पिक्चर त्यांच्यावर तोललेला असतो.

रीळवेडा:
अरे भारी! आत्ता परत बघितला तो सीन. व्हिटो (पुढे गॉडफादर होणारा) कोण आहे हे कळल्यावर घरमालक भाडं कमी करत करत जातो आणि निघताना त्याला दार उघडताच येत नाही. किती छोटं काम आणि घाबरलेला माणूस नुसत्या हातांतून दिसतो. जेर्मीचा कुठला आधी बघू?

मॅटिनी३:
डिव्होर्स आधी. मग दुसरा, त्यात तो सरदार उशिरा येतो, धीर धर.