गाडी, गाइड आणि एक दिवस : ठाणे-नवी मुंबईतले तुमचे अनुभव

नौपाड्याची सून
काल संध्याकाळी जांभळी नाक्यावर फुलं घ्यायला गेले होते. कौपिनेश्वराच्या दारात एक गाइड दोन गोऱ्या पाहुण्यांना समजावत होता. मूळ देऊळ शिलाहारांच्या काळातलं, आत्ता दिसतं ते १७६० चं, सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकरांनी जीर्णोद्धार केलेलं वगैरे. त्यातली बाई हातात बेल घेऊन उभी. देठ कुठे, पान कुठे, काही पत्ता नाही. मला आधी हसू आलं आणि मग एकदम डोळे भरले. सासूबाई असत्या तर पुढे होऊन त्यांनी तिच्या हातातला बेल सरळ करून दिला असता.

आठ वर्षांपूर्वी वन्सं अमेरिकेहून आल्या होत्या. मुलांना 'आपलं सगळं' दाखवायचं म्हणून तिकडूनच दिवसभराची गाडी आणि गाइड ठरवून आल्या. सासूबाईंना ते अजिबात पटलं नाही. "मी पैसे मोजून कौपिनेश्वर बघू? मग रोज सकाळी बघते तो कोण?" पण वज्रेश्वरीची ओटी कधीची राहिली होती, गाडी तिथवर जाणार होती, म्हणून खण-नारळाची पिशवी घेऊन पुढच्या सीटवर बसल्या.

तळ्याकाठचं चर्च झालं, मग जेल. म्हणजे बाहेरून, भिंतच. तीस वर्षं मी तिथून रिक्षाने जाते, पण 'हा किल्ला आहे' असं म्हणून कधी बघितलं नव्हतं. गाइड चांगला बोलायचा. पोर्तुगीजांनी १७३० ला बांधायला घेतला, १७३७ ला मराठ्यांनी घेतला, १७७४ ला इंग्रजांनी. पेशव्यांचे त्रिंबकजी डेंगळे १८१६ मध्ये इथून निसटले ते ऐकून मुलं जरा जागी झाली. तो पुढे चला म्हणाला तर सासूबाई हलेनात. "क्रांतिकारक अनंत कान्हेऱ्यांना इथेच फाशी दिली. कर्वे आणि देशपांड्यांनाही. १९१०." चपला काढून त्या भर फुटपाथवर हात जोडून उभ्या राहिल्या. गाइडच्या कागदावर ते नव्हतं. त्याने खिशातून पेन काढून तिथेच लिहून घेतलं. मला तो मुलगा त्या क्षणी आवडला.

वज्रेश्वरीची तर वेगळीच कथा. सासूबाईंचं माहेर वसईचं, त्यामुळे चिमाजी अप्पा हा त्यांचा घरचा विषय. गाडीत भिवंडीपासून जे सुरू झालं ते देवीच्या पायथ्यापर्यंत. आणि पायथ्याशी आल्यावर वर बघून म्हणाल्या, मी नाही चढत, गुडघे नाहीत माझे. ५२ पायऱ्या आहेत.

कुकर झाला, बाकीचं नंतर लिहिते. तुम्हीही लिहा. गाडी-गाइड घेऊन गेलेले, नातेवाइकांसाठी स्वतःच गाइड झालेले, अर्ध्यातून उतरून घरी आलेले, सगळे चालतील.

पारसिकचा वारा
सोमवार. सोमवारी काहीही ठरवू नका, एवढंच सांगतो.

बरं, सांगतोच. साहेबांचे कोलकात्याचे पाहुणे, वाशीच्या हॉटेलात उतरलेले. एका दिवसात 'गुंफा वगैरे' दाखवा असा हुकूम. मी गाडी ठरवली, गाइड ठरवला. सकाळी गाइडचा फोन, सर घारापुरी सोमवारी बंद. म्हटलं कान्हेरी. तेही सोमवारी बंद. मग हे मला आदल्या दिवशी का नाही सांगितलंस? त्यावर तो गप्प. मग म्हणाला अंबरनाथ करू, शिवमंदिर, एक नंबर. गेलो. महिना श्रावण.

श्रावणी सोमवारी अंबरनाथच्या शिवमंदिरात 'निवांत खासगी सहल' काय असते ते मी पाहिलंय. रांग पार रस्त्यापर्यंत. पण पाहुणे सिव्हिल इंजिनियर निघाले. रांगेत उभं राहायलाच तयार नाहीत, बाहेरच्या भिंतीभोवतीच फिरतायत. तिथे कोपऱ्याला कोपरा, त्याला आणखी कोपरा, प्रत्येक कोपऱ्यावर मूर्ती. सकाळच्या उन्हात त्या सावल्या सरकतात ते त्यांनीच मला दाखवलं, मी डोंबिवलीत वाढलेला माणूस. शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे इ.स. १०६०, शिलाहार राजा मम्वाणीच्या वेळचा. गाभारा खाली, वीसेक पायऱ्या उतरून, आणि वर शिखरच नाही, त्यामुळे उजेड थेट पिंडीवर. दोन तासांनी पाहुणे म्हणाले, गुंफा पुढच्या खेपेला. साहेबांकडे माझं नाव झालं. चपला मात्र गेल्या.

चिवड्याचा डबा
गेल्या म्हणजे चोरीला?

पारसिकचा वारा
नाही हो, गर्दीत कुणीतरी बदलून नेल्या. मला उरल्या त्या दोन्ही डाव्या.

चिवड्याचा डबा
हाहाहा दोन्ही डाव्या

खाडीपल्याड
आमचीही 'प्रायव्हेट टूर' होती. आई म्हणाली टिटवाळ्याला जाऊ, बाबांच्या मित्राने गाडी केलीय, माहिती सांगणारे एक काका पण आहेत बरोबर. मी सलवार कमीज घालून निघाले तर आई म्हणे साडी नेस. तिथेच शंका यायला हवी होती.

गाडीत तिघं आधीच बसलेले. एक काका, एक काकू, आणि खिडकीबाहेर बघणारा एक मुलगा. काका सांगतायत, इथे कण्व मुनींचा आश्रम होता असं मानतात, शकुंतलेने या गणपतीची पूजा केली, म्हणून हा विवाहविनायक. 'विवाह' म्हणताना चौघांनी एकदम माझ्याकडे बघितलं. नशीब तो मुलगा पण तेवढाच अडाणी होता, त्यालाही कुणी सांगितलं नव्हतं. देवळामागच्या तळ्याजवळ आम्ही पाच मिनिटं बोललो. तो म्हणाला माझं ऑफिसात जमलंय, मी म्हणाले माझं सीएचं शेवटचं वर्ष आहे. दोघांनी मिळून एक प्लेट भजी खाल्ली आणि परत आलो.

लग्न अर्थात नाही झालं. पण ते गाइडकाका अजून दर अंगारकीला मेसेज करतात.

नौपाड्याची सून
@खाडीपल्याड साडी कोणती होती?

खाडीपल्याड
आईची नारायणपेठ. भज्यांचं तेल लागलं ते अजून गेलेलं नाही.

रुळावरची गाडी
आमच्या वडिलांना ७० वर्षं झाली म्हणून भावाने मुंबई-ठाण्याची 'हेरिटेज' गाडी भेट दिली. एसी गाडी, पाण्याच्या बाटल्या, गळ्यात आयकार्ड घातलेली गाइड मुलगी. वडील रेल्वेतून निवृत्त. तिने चर्च म्हटलं तर हे म्हणाले स्टेशन. तिने तलाव म्हटलं तर हे म्हणाले आधी स्टेशन. शेवटी तिने गाडी स्टेशनला घेतली. तिथे फलाटावर उभं राहून वडिलांनीच तिला सांगितलं, १६ एप्रिल १८५३, बोरीबंदर ते ठाणे, ३४ किलोमीटर, १४ डबे, ४०० माणसं, तीन इंजिनं, साहिब, सिंध, सुलतान. ती म्हणाली काका हे मला माहीत आहे. वडील म्हणाले माहीत असेल, पण मी सांगतो ते ऐक.

उरलेला दिवस दोघं भांडत फिरली. संध्याकाळी वडिलांनी तिला स्वतःकडची जुनी टाइमटेबलं बघायला घरी बोलावलं. ती खरंच आली. चहा पिऊन गेली.

तर्रीवाला
एवढं ठाणं फिरलात सगळे आणि मामलेदारच्या मिसळीला कोणी थांबलं नाही? गाइडने नाही नेलं तर तो गाइड नाही.

चिवड्याचा डबा
आम्ही थांबलो होतो. पाहुणे पुण्याचे. 'आमच्याकडे अशी नसते' म्हणाले आणि मीडियम मागितली. पुढे बोलायला नको.

तर्रीवाला
मीडियम घेऊन घाम आला असेल.

चिवड्याचा डबा
नाकातून पाणी. मग कुंजविहारची लस्सी पाजली तेव्हा बोलायला लागले.

दर्यावरचा
आमचा अनुभव उलटा. आम्ही बेलापूरचे मूळचे, गावठाणातले आगरी. सिडको यायच्या आधीपासून. एक रविवार गाडी भरून लोक आले किल्ला बघायला, किल्ला म्हणजे आता काय राहिलंय, बुरूज आणि झाडी. मी तिथे शेळ्या शोधत होतो, खोटं कशाला सांगू. गाइड सांगत होता की चिमाजी अप्पांनी अमृतेश्वराला बोललं होतं, किल्ला मिळाला तर बेलाच्या पानांची माळ वाहीन, म्हणून बेलापूर. ही गोष्ट आम्ही पण लहानपणी ऐकलेली. सिद्दी, पोर्तुगीज, मराठे, इंग्रज सगळे होऊन गेले इथून, ते पण त्याने बरोबर सांगितलं.

मग त्यातला एक बाप्या मला बघून गाइडला विचारतो, हे लोक इथे कधी आले? मी म्हटलं आम्ही कुठून येणार, तुम्ही आलात, हे वरच्या इमारती आल्या. गाइड बिचारा कसनुसा हसला. नंतर सगळ्यांना घेऊन गोवर्धनी मातेच्या देवळात गेला, तिथे माझी मावशी होती, तिने सगळ्यांना प्रसाद दिला. त्या बाप्याला दोनदा दिला.

नेरुळ सेक्टर अमुक
नवी मुंबईत बघण्यासारखं काही नाही म्हणणाऱ्यांनी वरचा प्रतिसाद वाचावा. आम्ही पण पंचवीस वर्षं तेच म्हणत आलो, लाज वाटते.

शनवारची मैत्रीण
टेंभी नाक्याजवळच्या सिनेगॉगचं कुणीच लिहिलं नाही. शार हाशामाईम, १८७९ चं. माझी शाळेतली बेंचवरची मैत्रीण बेने इस्रायली, म्हणजे ज्यू होती, तिच्याबरोबर मी लहानपणी आत जायचे. आता जायचं तर आधी परवानगी, ओळखपत्र, सगळं. बरोबरच आहे ते.

एकदा तिच्या आजीला सोडायला गेलो तर एक गाडी आलेली, परवानगी काढून. गाइड त्या लोकांना इंग्रजीत सांगतोय की हे लोक इस्रायलहून आले. आजी सगळं ऐकत होत्या. पोटापुरतं इंग्रजी येत होतं त्यांना. मग मराठीत म्हणाल्या, "अरे बाळा, इस्रायल नंतर. आधी आम्ही अलिबागकडचे. नवगावला गलबत फुटलं, तिथून आम्ही. आमचे आजे-पणजे तेलाचे घाणे चालवायचे आणि शनवारी बंद ठेवायचे, म्हणून लोक शनवार तेली म्हणायचे." गाइडने ते भाषांतर करून सांगितलं. पाहुण्यांपैकी एका बाईने विचारलं, घरात कोणती भाषा बोलता? आजी माझ्याकडे बघून म्हणाल्या, "ही काय विचारते गं?"

मैत्रीण आता अश्दोदला असते. मलिद्याचा फोटो पाठवते, मी वास घेता येत नाही म्हणून शिव्या देते.

हंगामी गाइड
इतके दिवस नुसतं वाचत होतो, आज लिहितो. कळव्याचा आहे, शनिवार-रविवार गाइडचं काम करतो. नौपाड्याची सून यांनी लिहिलेला तो पेनवाला मुलगा मी नव्हे, पण पेन मी पण ठेवतो. लोकांकडून बरंच कळतं.

लोक सर्वांत जास्त काय विचारतात? टॉयलेट कुठे आहे. दुसरा प्रश्न, अजून किती वेळ. आम्ही शिलाहार सांगत असतो.

पण एक दिवस विसरणार नाही. श्रीलंकेचे दोघे वयस्कर पाहुणे होते, त्यांना नालासोपाऱ्याचा स्तूप बघायचा होता. माझ्या वेळापत्रकात तिथे वीस मिनिटं. सोपारा जुनं बंदर, १८८२ मध्ये भगवानलाल इंद्रजींनी स्तूप खणला, अशोकाच्या लेखाचा तुकडा मिळाला तो आता फोर्टच्या म्युझियममध्ये, हे सगळं सांगायला मला सहा मिनिटं पुरतात. मी सांगायला लागलो तर त्यातल्या आजोबांनी ओठांवर बोट ठेवलं. रागाने नाही. दोघं गवतावर बसले. विटांचा तो उंचवटा, बाजूला पोरं क्रिकेट खेळतायत, बॉल दोनदा स्तूपाकडे आला. ते डोळे मिटून बसलेत. तासभर. ड्रायव्हर हॉर्न वाजवायला लागला, मी जाऊन त्याला थांबवलं.

उठल्यावर आजोबा म्हणाले, आमच्या ग्रंथांत पूर्ण नावाचे भिक्खू आहेत, ते इथले, सुप्पारकचे. बुद्धांना भेटून परत आपल्या लोकांत आले. मी बारा वर्षं सोपारा सांगतोय, मला हे पूर्ण भिक्खू माहीत नव्हते. आता सांगतो. ऐकणारा कुणी भेटला तर.

पारसिकचा वारा
@हंगामी गाइड सोमवारचं आधी सांगत जा पाहुण्यांना.

हंगामी गाइड
दादा मी सांगतो, शपथ.

चिवड्याचा डबा
सोपारा आता पालघर जिल्ह्यात ना? धागा ठाण्याचा आहे.

हंगामी गाइड
२०१४ पर्यंत ठाण्यातच होतं. स्तूप हललेला नाही.

रुळावरची गाडी
हे बेस्ट होतं.

नेरुळ सेक्टर अमुक
@नौपाड्याची सून तुमच्या सासूबाई पायऱ्या चढल्या का शेवटी? सकाळपासून तीनदा येऊन बघितलं.

नौपाड्याची सून
माफ करा, कामवाली आली नाही आज.

तर सासूबाई खाली बसल्या एका दुकानाच्या बाकावर. वन्सं म्हणाल्या आई ओटी माझ्याकडे द्या, मी भरते. त्यांनी पिशवी मांडीवर घट्ट धरली. मग तो गाइड मुलगा खाली आला आणि म्हणाला, आजी, मी म्हणतो की चिमाजी अप्पांनी वसई घेतल्यावर देवीचं देऊळ बांधायचं ठरवलं. सासूबाई फणकारल्या, "ठरवलं काय, नवस आधी बोलले होते, वसई मिळू दे म्हणून! १७३९ च्या मे महिन्यात किल्ला पडला, मग नवस फेडला." तो म्हणाला असं? आणि देऊळ आधी इथेच होतं का? "इथे कुठे, मूळचं गुंजला." बोलत बोलत त्याने हात पुढे केला आणि त्या उठल्या. नगारखाना तर वसईच्या किल्ल्याच्या दरवाजासारखाच आहे, हे दाखवताना दहा पायऱ्या झाल्या. मध्ये एका पायरीवर सोनेरी कासव आहे ना, तिथे टेकल्या. पाणी प्यायल्या. पुन्हा चिमाजी अप्पा सुरू.

वर पोचल्यावर मी त्याला म्हटलं, तुला हे सगळं माहीत नव्हतं? तर म्हणाला, ताई, मी वज्रेश्वरीला शंभर वेळा आलोय.

ओटी भरली. गणेशपुरीला कुंडात पाय सोडून बसल्या, गुडघ्याला शेक मिळाला म्हणाल्या. उतरताना त्याला पन्नास रुपये आणि ओटीतला नारळ दिला. वन्संनी नंतर मोठी टिप दिली ती वेगळी.

गेल्या माघात गेल्या त्या.

शनवारची मैत्रीण
काय बोलू. नमस्कार त्यांना.

दर्यावरचा
आजीला नमस्कार. तो पोरगा पण भारी.

घाईत आहे
ठाण्याहून वज्रेश्वरीला थेट एसटी आहे का कोणी सांगेल? आईला न्यायचंय, गाडी परवडत नाही.

तर्रीवाला
खोपटला चौकशी करा. किंवा भिवंडीला जाऊन तिथून.

पारसिकचा वारा
सोमवार सोडून जा.

घाईत आहे
वज्रेश्वरी सोमवारी पण बंद??

पारसिकचा वारा
नाही हो, उघडी असते. मला आता सोमवारचीच भीती बसलीय.