काल्पनिक 'कालविद्या' त्रैमासिक: प्रयोगाची वेळ घटिकापात्राने मोजावी की भरतीने?

घंगाळ:
कालजादूला वाहिलेलं, रत्नागिरीहून निघणारं 'कालविद्या' त्रैमासिक कल्पनेतलं आहे. त्यातला प्रत्येक लेख म्हणजे वेळ लांबवणाऱ्या, थांबवणाऱ्या किंवा उलटवणाऱ्या मंत्राचा शोधनिबंध. जादू कल्पित असली तरी मोजमाप खरं हवं, नाहीतर ते विद्वानांचं नियतकालिक वाटणारच नाही. म्हणून लेखकांसाठी पहिला नियम सुचवतो: वेळ सूर्योदयापासूनच्या घटिका-पळांत द्यावी, आणि ती घटिकापात्राने मोजलेली असावी.

अहोरात्राच्या ६० घटिका, घटिकेची ६० पळं. म्हणजे घटिका २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचं. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, खाली घंगाळभर पाणी. वाटी बुडाली की घटिका भरली. कालविद्येत खरा उपयोग आहे तो साक्षीचा. एकमेकींशी जुळवलेल्या दोन वाट्या घ्या. एक मंत्राच्या रिंगणात, दुसरी बाहेर दहा हातांवर, दोन्ही एकाच क्षणी पाण्यावर सोडा. बाहेरची बुडाली आणि आतली अजून तरंगतेय, तर आत काळ मंदावला. भरती रिंगणात कशी ओढून आणणार?

सुकतीभरती:
साफ विरोध. वाटीला फसवता येतं, खाडीला नाही.

भोकात गाळाचा कण बसला की घटिका लांबते. लीलावतीच्या दंतकथेत मोती भोकात अडकला आणि मुहूर्त टळला, तो हाच दोष. उलट, हिरवा थर काढायला चिंच लावून काथ्याने घासत राहिलं की भोकाची कड झिजते आणि वाटी लवकर बुडायला लागते. पाणी कोमट असलं तरी ते भोकातून सहज वाहतं आणि वाटी लवकर बुडते. म्हणजे काळ मंदावल्याचं दाखवायचं असेल, तर आतल्या घंगाळात गार पाणी ओतलं की झालं. परीक्षकाला पत्ता कसा लागणार?

भरतीचं गणित किनाऱ्यावर तोंडपाठ असतं: तिथीची पाऊणपट. अष्टमीला आठाचे पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमाराला पूर्ण भरती. एका प्रयोगाला अख्खा गाव साक्षी. शिवाय पात्र मुळात जुळवायचं ते शंकूच्या, म्हणजे उन्हात उभ्या रोवलेल्या काठीच्या सावलीवर, मध्यान्ह ते मध्यान्ह. जून ते सप्टेंबर कोकणात सावली पडते किती दिवस? भरती मात्र पावसातही येतेच.

माडबन:
पाऊणपटीवर शोधनिबंध उभा राहणार नाही. नियम पौर्णिमेला सव्वाअकरा सांगतो आणि दुसऱ्या दिवशी प्रतिपदेला पाऊण, म्हणजे एका दिवसात दीड तासाची उडी. पाणी रोज सरासरी ५० मिनिटांनीच मागे पडतं. होडी लोटायला हा अंदाज उत्तम. पळांचा हिशेब मांडायला नाही.

आणि कुठली भरती? वाशिष्ठीच्या खाडीत दाभोळच्या तोंडाशी पाणी भरतं तेव्हा वर गोवळकोटला ते अजून चढतच असतं. पावसाळ्यात नदीचा लोंढा आणि नैर्ऋत्येचा वारा वेळही हलवतात, उंचीही. भांगाच्या, म्हणजे अष्टमीच्या आसपासच्या मंद भरतीच्या दिवसांत तर पाणी इतकं सावकाश वळतं की पूर्ण भरतीचा क्षण काठीवरही नेमका धरता येत नाही.

पात्राच्या दोषांवर उपाय आहेत. एकाच विहिरीचं पाणी फडक्यातून गाळून दोन्ही घंगाळांत वाटायचं. एक फेरी झाली की वाट्यांची अदलाबदल, मग घंगाळांची. तिन्ही फेऱ्यांत आतलीच वाटी मागे राहिली, तरच लेख घ्यायचा. समुद्राचं पाणी अजिबात नको. ते सुमारे अडीच टक्के जड असतं, त्यात वाटी जरा वर तरंगते, आतल्या-बाहेरच्या पाण्याच्या पातळीतला फरक घटतो आणि पाणी सावकाश शिरतं. घटिकेमागे सुमारे पळभर फरक पडू शकतो, आणि छोट्या मंत्राचा सगळा परिणामच तेवढा असतो.

कातळ:
दोन्ही बाजू मापावर भांडतायत, पण सुरुवात कुठून धरायची ते कुणी बोलत नाही. रत्नागिरीचं रेखांश सुमारे ७३.३ अंश पूर्व, प्रमाणवेळ ८२.५ अंशांची. ९.२ अंशांचा फरक, अंशाला ४ मिनिटं, म्हणजे सुमारे ३७ मिनिटं. दीड घटिकेहून जास्त! मनगटी घड्याळात १२ वाजले म्हणून मध्यान्हीचा मंत्र सुरू केला, तर तो सपशेल फुकट.

पंचांगाचा पक्षही लिहायलाच हवा. टिळक पंचांग आणि इतर पंचांगांत राशिचक्राच्या आरंभाचा सुमारे ४ अंशांचा फरक आहे, म्हणून संक्रांती साधारण ४ दिवसांनी हलतात आणि कधीकधी अधिक मासच वेगळा पडतो. २०२३ मध्ये टिळक पंचांगाचे गणपती महिनाभर आधी बसले. कोकणात दोन्ही पंचांगं चालतात. नुसतं 'भाद्रपद शुद्ध चतुर्थी' लिहिलेला प्रयोग दुसऱ्याने करून बघायचा कधी?

सुकतीभरती:
कातळ, हे मान्य, दोन्ही नोंदी सक्तीच्या कराव्यात. माडबन, अदलाबदलही पटली, पण ती काळ मंदावण्यापुरती. उलटवण्याच्या मंत्राला पात्र कुचकामी आहे. काळ मागे गेला तर आतली वाटी रिकामी होऊन तरंगणार, आणि हाताने उचलून पुन्हा ठेवलेली वाटीही तशीच दिसते. यात पुरावा कुठला?

भरती रिंगणात आणता येते. खाजणाच्या, म्हणजे खाडीकाठच्या खाऱ्या जमिनीच्या बांधाआड रिंगण आखायचं, उघाडीची, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या वाटेची झडप काढायची आणि पाणी आत घ्यायचं. बांधाच्या आत एक खुणांची काठी, बाहेर खाडीत दुसरी. बाहेर पाणी चढत असताना आतलं उतरून उघाडीतून प्रवाहाविरुद्ध बाहेर पडलं, तर ते कुणाच्या हाताने होण्यासारखं नाही.

घंगाळ:
उलटवण्याच्या निबंधांपुरतं हे घेऊ. पण उघाडी अरुंद असते, त्यामुळे एरवीही आतलं पाणी बाहेरच्या मागून चढतं आणि मागूनच उतरतं. सुकती लागून पुन्हा भरती सुरू होते तेव्हा बाहेर पाणी चढायला लागलेलं असतं आणि आतलं थोडा वेळ उतरतच राहतं, तेही मंत्राविना. म्हणून मंत्र म्हणायच्या आधी किमान एक पूर्ण भरती-सुकती दोन्ही काठ्या दर घटिकेला वाचून तक्ता द्यावा लागेल. बांधातली खेकड्यांची बिळंही आधी चिखलाने बुजवा. त्यांतून झिरपणारं पाणी तक्ता बिघडवतं. आणि त्या घटिका मोजायला काठावर वाटी लागेलच.