मदत हवी आहे : मसाल्याच्या लेबलवरून थेट फौजदारी, समन्स आलंय

शिरोळी_मिरची
कांदा-लसूण मसाल्याचा घरगुती उद्योग, एकट्या मालकीणबाईंच्या नावावर, अन्नसुरक्षेची नोंदणी चालू. २०० ग्रॅमच्या एका लॉटवर बॅच नंबर आणि घटकांची यादी छापायची राहिली. ही चूक मान्य आहे. एका व्यापाऱ्याने त्यावरून न्यायदंडाधिकाऱ्यांकडे खासगी तक्रार केली. कलमं : अन्नसुरक्षा कायदा ५२ व ५९, भारतीय न्याय संहिता २७४, २७५ (अन्नात भेसळ आणि अपायकारक अन्नाची विक्री), ३१८ (फसवणूक). आरोपी चार : मालकीणबाई, नवरा, सासू आणि पॅकिंगला येणाऱ्या मावशी. मसाल्याची तपासणी कुठल्याच लॅबमध्ये झालेली नाही. ‘पाच लाख द्या, केस काढून घेतो’ असे व्हॉट्सअॅपवर निरोप येतायत. तारीख तीन आठवड्यांनी. हे टिकेल का? सुरुवात कुठून करायची?

बावडा_कोर्टरोड
आधी हातातला कागद समन्स आहे की नोटीस, ते बघा. नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेली) कलम २२३ नुसार खासगी तक्रारीची दखल घेण्याआधी आरोपीचं म्हणणं ऐकावं लागतं. ती नोटीस असेल तर तिथेच लेखी म्हणणं द्या. थेट समन्स असेल, तर ही सुनावणी झालीच नाही, हा तुमचा एक मुद्दा झाला. आजच नकलेचा अर्ज टाका : तक्रार, तक्रारदाराचा जबाब, रोजनामा (कोर्टाची तारीखवार नोंद), समन्सचा हुकूम.

आता कलमं. अन्नसुरक्षा कायद्याचं ५२ म्हणजे मिसब्रँडेड, लेबल चुकीचं किंवा अपुरं असलेलं अन्न. त्यात कैद नाही, ३ लाखांपर्यंत दंड, आणि तोही कलम ६८ खालचे न्यायनिर्णय अधिकारी ठरवतात. तक्रारदार ५९ (असुरक्षित अन्नाची शिक्षा) लावतोय ते असुरक्षित अन्नाच्या व्याख्येत ‘मिसब्रँडेड’ हा शब्द आहे म्हणून. पण व्याख्येची सुरुवातच आरोग्याला अपाय होईल अशा अन्नापासून होते. बॅच नंबर नसल्याने मिरची विषारी होत नाही. अन्न विश्लेषकाचा (मान्यताप्राप्त तपासनीस) अहवाल नसेल तर ५९ ला पायाच नाही.

ग्राहकाला पाकीट तपासून घ्यायची वाट कलम ४० मध्ये आहे : घेतानाच विक्रेत्याला तसं सांगायचं, फी भरून विश्लेषकाकडे द्यायचं. दोष निघाला तर अहवाल अन्नसुरक्षा खात्याच्या पदनिर्देशित अधिकाऱ्याकडे जातो आणि खटल्याची मंजुरी कलम ४२ प्रमाणे. इथे यातलं काहीच घडलेलं नाही.

२७४-२७५ बद्दल ‘रामनाथ विरुद्ध उत्तर प्रदेश’ हा सर्वोच्च न्यायालयाचा फेब्रुवारी २०२४ चा निकाल जोडा. जुन्या भारतीय दंड संहितेच्या २७२-२७३ वरचा आहे, पण कलमं तीच : कलम ८९ मुळे अन्नसुरक्षा कायदा वरचढ, दोन्ही एकत्र चालत नाहीत. ३१८ ला मात्र वेगळं उत्तर द्यावं लागेल : सुरुवातीपासून फसवायचा हेतू कुठे दिसतो?

यावर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली उच्च न्यायालयात केस रद्द करायचा अर्ज. त्यासाठी आता मुंबईला जायची गरज नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच इथेच कोल्हापुरात, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टात आहे. अर्जात ‘भजनलाल’ (केस कधी रद्द करता येते ते सांगणारा सर्वोच्च न्यायालयाचा) निकाल सगळेच टाकतात, पण क्रम चुकवतात. सूडबुद्धी आधी मांडली की ‘ते पुराव्यात बघू’ असं ऐकावं लागतं. कायद्यातली आडकाठी आधी, सूड नंतर. आणि अंतरिम स्थगिती मागायला विसरू नका. नुसता अर्ज दाखल झाल्याने खालचं कोर्ट थांबत नाही.

शिरोळी_मिरची
तोवर तारखेला चौघांनी जायचं? सासूबाई ७६ वर्षांच्या आहेत.

बावडा_कोर्टरोड
गैरहजर राहू नका, वॉरंट निघेल. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २२८ खाली वकिलामार्फत हजेरीची परवानगी मागा, वयाचा दाखला जोडा. व्यवसाय एकटीच्या नावावर असताना बाकी तिघांनी नेमकं काय केलं, हे तक्रारीत लिहिलेलं आहे का ते शोधा. नसेल तर त्यांचा अर्ज स्वतंत्र करा, लवकर सुटतील. मावशींना यात ओढलंय, हे फार वाईट केलंय.

गुळाची_ढेप
त्या लॉटची उरलेली पाकिटं विकू नका आणि फेकूही नका. पाच-सहा सीलबंद ठेवा, बाकीची मोजून बाजूला काढा. जुन्या पाकिटांवर आत्ता बॅच नंबरचे स्टिकर मारलेत तर पुराव्यात फेरफार केल्यासारखं होईल. नव्या लॉटला मात्र लगेच पूर्ण लेबल : घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने, बॅच, उत्पादनाची व मुदतीची तारीख, १४ अंकी नोंदणी क्रमांक, हिरवा ठिपका. शेंगदाणे पडत असतील तर अॅलर्जीची सूचनाही. छपाईचं बिल जपा.

बावडा_कोर्टरोड
व्हॉट्सअॅपचे निरोप डिलीट करू नका, फोन बदलू नका. नुसता स्क्रीनशॉट चालत नाही, साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं. उत्तरात रकमेची घासाघीस अजिबात नको. ‘चार लाखांत बघा’ एवढं जरी लिहिलं तरी तो तुमच्यावरच उलटवेल.